गाविलगड, यावली आणि पडदा: प्रतिकाराच्या कादंबरीचा वऱ्हाडातून घेतलेला आढावा

शिवाजी सावंत यांच्या संभाजी महाराजांवरील कादंबरीवर बेतलेला 'छावा' १४ फेब्रुवारी २०२५ रोजी प्रदर्शित झाला आणि एक जुना वाद पुन्हा ऐरणीवर आला. परचक्राशी झुंजणाऱ्या माणसांची गोष्ट कादंबरीकार सांगतो. दिग्दर्शक तिचा चित्रपट करतो. प्रेक्षक मात्र पडद्यावर पाहिले ते इतिहास समजूनच घरी जातो. या प्रवासात मूळचे काय टिकते, काय गळते, नव्याने काय चिकटते, आणि त्याचा जाब कुणाला विचारायचा, हा तो वाद. मराठीत तो निदान शंभर वर्षे चालू आहे.

या लेखात तो अमरावती-अकोल्याकडून पाहिला आहे. पुण्या-मुंबईत ही चर्चा बहुधा सह्याद्रीतल्या गडांभोवती फिरते. वऱ्हाडातून पाहिले की तिची दुसरी बाजू दिसते. १८०३ मध्ये गाविलगडावर आणि १९४२ मध्ये यावली-बेनोड्याला वऱ्हाडने स्वतःचा प्रतिकार पाहिला. प्रतिकाराच्या साहित्याला आणि चित्रपटाला आकार देणारी दोन-तीन मोठी माणसेही याच मातीत जन्मली किंवा वाढली. त्या माणसांची आणि त्या घटनांची गाठ मात्र कादंबरीत पडली नाही, म्हणून ती पडद्यावरही पडली नाही.

पोवाडा, कादंबरी, पडदा

या विषयाचे पहिले ठळक उदाहरण सिंहगडाचे आहे. तानाजीच्या पराक्रमावर शाहीर तुळशीदासाचा पोवाडा होता. १९०३ मध्ये हरि नारायण आपट्यांची 'गड आला पण सिंह गेला' ही कादंबरी आली. बाबूराव पेंटरांनी १९२३ मध्ये तिच्यावरून 'सिंहगड' हा मूकपट काढला आणि १९३३ मध्ये प्रभातसाठी व्ही. शांतारामांनी तीच कथा बोलपटात आणली. लोकस्मृतीतून कादंबरी, कादंबरीतून मूकपट, मूकपटानंतर बोलपट अशी ही साखळी तीस वर्षांत पूर्ण झाली.

या साखळीतली एक कडी जवळून पाहण्यासारखी आहे. आपट्यांच्या कादंबरीत कमलकुमारी नावाची राजपूत विधवा आहे. किल्लेदार उदयभानूने तिला पळवून गडावर आणले आहे आणि कथेचा ताण पुष्कळसा तिच्यावर उभा आहे. समकालीन कागदांत तिला आधार नाही. तरी ती शांतारामांच्या बोलपटात आली आणि २०२० च्या 'तान्हाजी' या हिंदी चित्रपटातही कमल या नावाने दिसली. तानाजी पडल्यावर कोंढाण्याचे नाव सिंहगड झाले, ही समजूतही अशीच घट्ट आहे. प्रत्यक्षात शिवाजी महाराजांच्या १६६३ च्या पत्रात 'सिंहगड' हे नाव येते, म्हणजे लढाईच्या सात वर्षे आधी. कादंबरीकाराने आपल्या कथेच्या गरजेपोटी योजलेली गोष्ट चित्रपटामुळे लोकांच्या इतिहासात कायमची जाऊन बसते, हे यातून नीट कळते.

पारतंत्र्याच्या काळात या कथांना आणखी एक काम होते. मावळ्यांच्या वेषात त्या वेळच्या राज्यकर्त्यांविरुद्ध बोलता येई, आणि सरकारलाही ते कळत होते. १९३० मध्ये शांतारामांच्या 'स्वराज्याचे तोरण' या मूकपटाच्या नावालाच सेन्सॉरची हरकत आली आणि तो 'उदयकाल' या नावाने दाखवावा लागला. कथा सतराव्या शतकातली असली तरी तिचा रोख १९३० कडे आहे, हे प्रेक्षक आणि सरकार या दोघांनाही ठाऊक होते.

स्वातंत्र्य मिळाल्यावर उघड बोलता येऊ लागले. राम गबाले यांचा 'वंदे मातरम्' १९४८ मध्ये आला. पु. ल. आणि सुनीता देशपांडे यांच्या भूमिका असलेला हा चित्रपट थेट बेचाळीसच्या चळवळीवर होता. 'वासुदेव बळवंत' १९५० चा. पण हे दोन्ही कादंबरीवरचे नव्हते. पुढच्या काळात ऐतिहासिक कादंबरीला भरती आली. 'श्रीमान योगी' १९६८ मध्ये आली, सत्तरीच्या दशकाअखेर 'छावा', १९८८ मध्ये 'पानिपत'. चित्रपट मात्र मागे पडत गेला. भालजी पेंढारकरांनी आपल्या परीने शिवकाल पडद्यावर जिवंत ठेवला, पण हजार घोडी, तोफा आणि तटबंदी उभी करणे मराठी निर्मात्याच्या खिशाला परवडत नव्हते. संगणकाने फौजा उभ्या करता येऊ लागल्या आणि हिंदी चित्रपटाचा पैसा आला, तेव्हा चित्र पालटले. ना. सं. इनामदारांच्या 'राऊ'वरून २०१५ मध्ये 'बाजीराव मस्तानी' झाला. त्यानंतर दहा वर्षांनी 'छावा'.

मराठी कादंबरी आता हिंदीच्या वाटेने पडद्यावर जाते, ही या शतकातली मोठी घडामोड आहे. वऱ्हाडच्या प्रेक्षकाला हिंदी परकी नाही. चित्रपट वितरणाच्या व्यवहारात हा भाग आजही सी. पी. बेरार म्हणूनच ओळखला जातो आणि अमरावती हे त्यातले वितरकांचे जुने ठाणे. राजकमल चौकाच्या आसपास वाढलेल्या कितीतरी पिढ्यांनी शिवकाल मराठीतही पाहिला आणि हिंदीतही. त्यामुळे भाषा बदलली म्हणून इथे कुणी नाराज झाले नाही. पण हिंदी चित्रपट देशभराच्या प्रेक्षकासाठी घडतो. मूळ कादंबरीतला गावोगावचा तपशील, हुद्दे, नातीगोती, बोलीतले फरक त्यात सर्वांत आधी गळतात. 'छावा'च्या आठशेहून अधिक पानांतून पडद्यावर काय उरले हे पाहिले की ते लक्षात येते. उरले ते एक नायक, एक शत्रू आणि शेवटचा छळ.

वऱ्हाडची तीन माणसे

पहिले वीर वामनराव जोशी. अमरावतीचे, स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगवास भोगलेले, आणि त्याच वेळी मराठी रंगभूमीचे नाटककार. 'राक्षसी महत्त्वाकांक्षा' आणि १९२७ चे 'रणदुंदुभि' ही त्यांची गाजलेली नाटके. 'रणदुंदुभि' मास्टर दीनानाथांच्या बळवंत संगीत मंडळीने गावोगाव नेले. पारतंत्र्याविरुद्धचा आवेश राजेरजवाड्यांच्या कथेत बसवून रंगमंचावर आणण्याची युक्ती त्यांनी किती कसून वापरली, हे ती नाटके वाचल्यावर समजते. चळवळीत स्वतः उतरलेला लेखक प्रतिकाराची कथा लिहितो, असे उदाहरण मराठीत फार नाही.

दुसरे विश्राम बेडेकर. त्यांचा जन्म १९०६ मध्ये अमरावतीचा. १९३९ मध्ये त्यांची 'रणांगण' ही छोटी कादंबरी आली. युरोपात महायुद्ध पेटण्याच्या बेतात असताना एका बोटीवर नाझींच्या छळातून निसटलेले ज्यू आहेत, चक्रधर आहे आणि हॅर्टा आहे. त्या काळी मराठी कादंबरीत जगाच्या राजकारणाचा इतकी जवळची झळ लागलेला दुसरा ग्रंथ मला दिसत नाही. बेडेकर चित्रपटक्षेत्रात मुरलेले होते. आद्य क्रांतिकारक वासुदेव बळवंत फडके यांच्यावरचा १९५० चा चित्रपट त्यांचाच. म्हणजे युद्धाच्या सावलीतली कादंबरी लिहिणारा आणि सशस्त्र प्रतिकाराचा चित्रपट काढणारा माणूस एकच. तरी त्यांनी 'रणांगण'चा चित्रपट केला नाही. कादंबरीचे सगळे बळ चक्रधरच्या मनात चाललेल्या झगड्यात आहे आणि कॅमेऱ्याला ते कसे दाखवायचे हा प्रश्न त्यांना आपल्यापेक्षा चांगला कळत असणार, एवढेच म्हणता येते.

तिसरे गो. नी. दांडेकर. जन्म १९१६, परतवाडा. तेराव्या वर्षी शाळा सोडून ते चळवळीत गेले, पुढे गाडगे महाराजांच्या सहवासात राहिले. 'हरहर महादेव', 'दर्याभवानी', 'झुंजार माची' अशा शिवकालीन कादंबऱ्या त्यांनी लिहिल्या. चित्रपटाशीही त्यांचे नाते दाट होते. 'पवनाकाठचा धोंडी' १९६६ मध्ये आणि 'जैत रे जैत' १९७७ मध्ये पडद्यावर आला. गाडगे महाराजांवरचा 'देवकीनंदन गोपाला' हा राजदत्त यांचा चित्रपटही त्यांच्याच लेखनातून उभा राहिला. पूर्णेकाठच्या वऱ्हाडी जीवनावर त्यांनी 'पूर्णामायची लेकरं' लिहिली. पण प्रतिकाराची कथा लिहायला बसले की गोनीदा सह्याद्रीत गेले. परतवाड्याच्या माथ्यावर उभा असलेला गाविलगड त्यांच्या शिवकालीन कादंबऱ्यांत यायचे कारण नव्हते. शिवकालाबाहेरही तो त्यांच्या कादंबरीचा विषय झाला नाही, ही हुरहूर मात्र वऱ्हाडी वाचकाला वाटत राहते.

गाविलगड: हल्लेखोराच्या बाजूने लिहिलेली कादंबरी

गाविलगडाची हकीकत थोडक्यात अशी. २९ नोव्हेंबर १८०३ रोजी अकोला जिल्ह्यातल्या अडगावच्या मैदानात इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीने नागपूरकर भोसल्यांच्या फौजेचा पराभव केला. उरलेली फौज गाविलगडाच्या आश्रयाला गेली. वेलस्ली दक्षिणेकडून आला. कर्नल स्टीव्हनसनने तोफा डोंगरांतून ओढत उत्तरेकडच्या लबाडा गावापर्यंत नेल्या. बाहेरच्या तटाला खिंडार पाडून १५ डिसेंबरला हल्ला झाला. आतला किल्ला मात्र दरीपलीकडे शाबूत होता. तिथे ९४ व्या रेजिमेंटच्या कॅप्टन कॅम्पबेल शिड्या लावून तट चढला आणि त्याने आतून दरवाजा उघडला. किल्लेदार बेनीसिंग राजपूत लढताना पडला, हे इंग्रजी वृत्तांतही सांगतात. दोनच दिवसांनी, १७ डिसेंबरला, देवगावचा तह झाला. १८५८ मध्ये, तात्या टोपे इकडे येऊन किल्ल्याचा उपयोग करतील या धास्तीने, इंग्रजांनी त्याची तटबंदी निकामी केली.

या प्रसंगावर जगभर खपलेली एक कादंबरी आहे. ती बर्नार्ड कॉर्नवेल या इंग्रज लेखकाची 'शार्प्स फोर्ट्रेस', १९९० च्या दशकाअखेरची. रिचर्ड शार्प हा त्यांचा काल्पनिक शिपाई आतला तट चढून जातो. खऱ्या कॅम्पबेलचे काम कादंबरीत शार्प करतो आणि शेवटच्या ऐतिहासिक टिपणात लेखक ते श्रेय कॅम्पबेलला परत देतो. ही पद्धत प्रामाणिक आहे आणि मराठी कादंबरीकारांनी ती उचलावी असे मला वाटते. पण बेनीसिंगला अशी भरपाई मिळत नाही. कादंबरीतला किल्लेदार विलासी आणि भेकड आहे. चिखलदऱ्याला जाणाऱ्या वाचकाने ही कादंबरी वाचली तर दिल्ली दरवाजातून आत शिरताना त्याला हल्लेखोराच्याच नजरेतून किल्ला दिसेल.

पडद्यावर पुढे आणखी एक पायरी गाठली गेली. कॉर्नवेल यांच्या हिंदुस्थानातल्या कादंबऱ्यांवरून २००६ मध्ये 'शार्प्स चॅलेंज' हा दूरचित्रवाणी चित्रपट निघाला. त्यात काळ १८१७ केला, किल्ला काल्पनिक केला आणि चित्रीकरण राजस्थानात झाले. कादंबरीत निदान गाविलगडाचे नाव, त्याचे दरवाजे आणि त्याची दरी होती. पडद्यावर तेही गेले. निर्मात्याच्या बाजूने पाहिले तर यात गैर काही नाही. राजस्थानचे किल्ले धडधाकट आहेत, तिथे चित्रीकरणाची सोय आहे, आणि गाविलगड पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली, मेळघाट व्याघ्र प्रकल्पाच्या परिसरात आहे. तिथे तोफा आणि घोडी नेण्याची परवानगी मिळणे अवघड. पण हा तर्क मान्य केला तर वऱ्हाडचा कुठलाच किल्ला कधीच पडद्यावर स्वतःच्या नावाने येणार नाही.

बेचाळीस: गावांच्या नावात राहिलेली कथा

ऑगस्ट १९४२ मध्ये वर्धा नदीच्या दोन्ही काठांवर उठाव झाले. नदीपलीकडे वर्धा जिल्ह्यात आष्टी, अलीकडे वरुड तालुक्यात बेनोडा, आणि अमरावतीजवळ यावली, तुकडोजी महाराजांचे जन्मगाव. तिन्ही ठिकाणी गोळीबारात माणसे मेली. आज सरकारी कागदांतही ही गावे आष्टी शहीद, बेनोडा शहीद, यावली शहीद अशीच आहेत. चंद्रपूरकडे चिमूरला १६ ऑगस्टला उठाव झाला, अधिकारी मारले गेले, आणि त्यानंतर फौजेने गावातल्या स्त्रियांवर अत्याचार केले. त्या अत्याचारांच्या चौकशीसाठी प्रा. भन्साळी यांनी ६३ दिवसांचे उपोषण केले. चिमूर-आष्टीच्या खटल्यांत फाशीच्या शिक्षा झालेल्यांसाठी अनसूयाबाई काळे यांनी जी धडपड केली, ती देशभर पोचली. अखेर फाशी टळली. खंजिरीच्या भजनांनी ही गावे जागवणाऱ्या तुकडोजी महाराजांना त्याच वर्षी अटक झाली आणि नागपूर-रायपूरच्या तुरुंगांत ठेवले गेले.

याआधी १९३० मध्ये अकोला जिल्ह्यातल्या दहीहंड्याला मिठाचा सत्याग्रह झाला होता. समुद्र शेकडो मैल दूर असताना मीठ आले कुठून? खारपाणपट्ट्यातल्या विहिरींच्या पाण्यातून. पूर्णेच्या खोऱ्यात आजही ज्या खाऱ्या पाण्याने पिके जळतात, त्याच पाण्यापासून सत्याग्रहींनी मीठ काढले. कादंबरीकाराला हाताशी धरता येईल असा प्रसंग यापेक्षा कोणता हवा?

तरी या घटनांवर महाराष्ट्रभर वाचली गेलेली कादंबरी नाही. बंगालीत बेचाळीसवर सतीनाथ भादुडींची 'जागरी' तीन-चार वर्षांतच आली आणि १९५१ मध्ये हेमेन गुप्तांनी 'बियाल्लिश' हा चित्रपट काढला. मराठीत बेचाळीस मुख्यतः आठवणींत, गौरवग्रंथांत आणि जिल्ह्याच्या इतिहासांत राहिले.

असे का झाले याची उत्तरे वेगवेगळी दिली जातात. काहींचे म्हणणे असे की आपल्या ऐतिहासिक कादंबरीची घडणच एका थोर पुरुषाभोवतीची आहे. यावली किंवा बेनोडा ही जमावाची कथा आहे, तिला छत्रपती नाही, त्यामुळे कादंबरीकाराला सुरुवात कुठून करावी कळत नाही. दुसरे म्हणणे जवळिकीचे. ज्यांनी गोळी खाल्ली त्यांची नातवंडे आणि ज्यांनी पोलिसांना नावे सांगितली त्यांची नातवंडे आजही एकाच गावात, एकाच पाणवठ्यावर आहेत. तिसरे कारण कागदपत्रांचे. बेचाळीसला वऱ्हाड मध्यप्रांत-वऱ्हाडात होते, मग मध्य प्रदेशात, १९५६ पासून द्वैभाषिक मुंबईत आणि १९६० पासून महाराष्ट्रात. राज्य तीनदा बदलले की दप्तरे विखुरतात. चौथे कारण प्रकाशनाचे, पुण्या-मुंबईच्या प्रकाशकाला चाफळ-प्रतापगड जितके परिचित तितके बेनोडा नाही.

मला यातले दुसरे कारण सर्वांत खरे वाटते. पहिले कारण टिकणारे नाही. १९६० मध्ये उद्धव शेळक्यांनी 'धग' लिहिली, तिच्यात राजा नाही, लढाई नाही, एक गरीब बाई आहे आणि तिचे वऱ्हाडी बोलणे आहे. ती मराठीतली थोर कादंबरी ठरली. म्हणजे लेखणी होती आणि भाषाही होती.

वादाच्या बाजू

आता मूळ वादाकडे. त्यात निदान चार बाजू आहेत आणि प्रत्येकीत तथ्य आहे.

कागदपत्रांच्या बाजूचे अभ्यासक म्हणतात, युद्धकाळातल्या माणसांवर लिहायचे तर पुराव्याच्या मर्यादेत राहा, आणि सोडले तर तसे सांगा. संभाजी महाराजांचेच उदाहरण पुरे. जुन्या नाटकांनी आणि १९४१ च्या 'थोरातांची कमळा'सारख्या चित्रपटांनी त्यांची प्रतिमा प्रेमप्रकरणांत अडकवली होती. वा. सी. बेंद्र्यांचे चरित्र १९६० मध्ये आले, कमल गोखल्यांचे संशोधन १९७१ मध्ये, आणि राज्यकर्ता व योद्धा म्हणून त्यांची नीट ओळख पटली. 'छावा' ही कादंबरी या संशोधनामुळे शक्य झाली. संशोधन आधी आले, कादंबरी नंतर आणि चित्रपट त्यानंतर, हा क्रम या अभ्यासकांना मोलाचा वाटतो.

कादंबरीकारांची बाजू अशी की कागद माणसाच्या मनात शिरत नाहीत. वेढ्यातल्या रात्री किल्लेदाराला काय वाटले, याचा कागद कुठेच नसतो. नरहर कुरुंदकरांची 'श्रीमान योगी'ला लिहिलेली प्रदीर्घ प्रस्तावना या चर्चेत आजही आधाराला घेतली जाते. महाराजांचे मोठेपण चमत्कारात न शोधता राज्य उभारणीत शोधावे, असा तिचा रोख आहे. इतिहासाचा अर्थ कळलेल्या लेखकाने कल्पना करायला हरकत नाही, असे ती प्रस्तावना वाचून म्हणता येते. पण अर्थ कळला आहे हे ठरवायचे कुणी, इथे वाद पुन्हा सुरू होतो.

चित्रपटवाल्यांची अडचण वेळेची आहे. अडीच-तीन तासांत चरित्र बसवायचे तर माणसे एकत्र करावी लागतात, वर्षे गाळावी लागतात आणि शत्रूला एक चेहरा द्यावा लागतो. प्रेक्षकाला गाणे हवे असते. 'छावा'च्या जाहिरातपटात संभाजी महाराज लेझीम खेळताना दिसले, त्यावर आक्षेप आले आणि दिग्दर्शकाने तो भाग प्रदर्शनाआधीच काढला.

चौथी बाजू वंशजांची आणि समाजाची. गणोजी व कान्होजी शिर्के यांच्या चित्रणावर शिर्के घराण्यातून हरकत आली आणि दिग्दर्शकाने दिलगिरी व्यक्त केली. आमच्या पूर्वजाला फितूर म्हणायचे तर पुरावा द्या, ही मागणी चुकीची म्हणता येत नाही. दुसरीकडे प्रत्येक घराण्याची संमती मागत बसले तर इतिहासावर चित्रपटच निघणार नाही, हेही खरे. याचे परिणाम चित्रपटगृहाबाहेरही पोचतात. मार्च २०२५ मध्ये औरंगजेबाच्या कबरीच्या वादातून नागपुरात दंगल झाली तेव्हा मुख्यमंत्र्यांनी विधानसभेत या चित्रपटाने जागवलेल्या भावनांचा उल्लेख केला होता.

हक्क कुणाचा

कायद्याच्या अंगाने प्रश्न वेगळा होतो. इतिहास कुणाच्या मालकीचा नाही, कादंबरी मात्र आहे. आर. जी. आनंद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्येच सांगितले की कल्पना, विषय किंवा ऐतिहासिक घटना यांवर हक्क सांगता येत नाही, तो मांडणीवर असतो. त्यामुळे पानिपतच्या लढाईवर कुणीही चित्रपट काढू शकतो. पण एखाद्या कादंबरीतली खास मांडणी, काल्पनिक पात्रे किंवा संवाद उचलले की हक्काचा प्रश्न उभा राहतो. आशुतोष गोवारीकरांच्या 'पानिपत'च्या वेळी २०१९ मध्ये विश्वास पाटील आपल्या कादंबरीसाठी न्यायालयात गेले होते. इतिहास आणि कादंबरीकाराची निर्मिती यांत रेघ कुठे ओढायची, हे प्रत्येक वेळी नव्याने ठरवावे लागते.

लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षे हक्क राहतो. आपट्यांच्या कादंबऱ्या आता सर्वांच्या आहेत. बेडेकर आणि गोनीदा दोघेही १९९८ मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या लेखनावरचा हक्क २०५८ अखेरपर्यंत वारसांकडे आहे. वऱ्हाडातल्या तरुण चित्रपटकर्त्यांनी हे लक्षात ठेवावे. चांगली कादंबरी हाताशी असेल तर तिच्या वारसांना भेटणे हे पहिले काम.

उरलेले प्रश्न

फितुरीचा प्रश्न मला सर्वांत अवघड वाटतो. फ्रान्समध्ये जोसेफ केसेल यांनी जर्मन ताब्याविरुद्धच्या भूमिगत चळवळीवर १९४३ मध्ये, लढा चालू असतानाच, कादंबरी लिहिली. १९६९ मध्ये ज्याँ-पिएर मेलव्हिल यांनी तिचा 'आर्मी ऑफ शॅडोज' हा चित्रपट केला. मेलव्हिल स्वतः त्या चळवळीत होते. चित्रपटात चळवळीतली माणसे फितूर झालेल्या आपल्याच एका पोराला मारतात आणि कॅमेरा तोंड फिरवत नाही. प्रदर्शनाच्या वेळी फ्रान्समध्ये त्याचे नीट स्वागत झाले नाही, थोरवी पुढे पटली. प्रतिकार करणाऱ्यांच्या हातूनही काय झाले हे सांगण्याइतके अंतर आपल्याकडे बेचाळीसपासून पडले आहे का? चिमूरला मारल्या गेलेल्या अधिकाऱ्यांत देशी माणसेही होती. त्यांची कथा आणि बळी गेलेल्या स्त्रियांची कथा एकाच कादंबरीत कशी येणार?

दुसरा प्रश्न कुणाच्या प्रतिकाराचा. गाविलगडाच्या आसपास कोरकू वस्ती शतकानुशतके आहे. स्टीव्हनसनच्या तोफा ज्या डोंगरांतून गेल्या तिथल्या माणसांचे काय झाले, हे वेलस्लीच्या पत्रव्यवहारातून फारसे कळत नाही. मौखिक कथांत काही उरले असेल तर ते मराठी लेखकाने कोरकू माणसांकडूनच ऐकायला हवे.

तिसरा भाषेचा. वऱ्हाडी बोली पडद्यावर आणि मालिकांत आजवर बहुतेक विनोदासाठी वापरली गेली. 'धग' वाचलेल्या कुणालाही ही बोली दुःख आणि ताठ कणा दोन्ही पेलते हे ठाऊक आहे. बेचाळीसचा चित्रपट वऱ्हाडीत बोलला तर इथल्या प्रेक्षकाला आपले आजोबा पडद्यावर दिसतील, पण वितरक ते मान्य करतील का, हे कुणी करून पाहिल्याशिवाय समजणार नाही.

अचूकतेचा वाद महत्त्वाचा आहे आणि तो चालू राहील. पण वऱ्हाडला त्याआधीचा प्रश्न सोडवायचा आहे. ज्या चित्रपटांवर आपण भांडतो त्यांच्यामागे कादंबरी आहे, कादंबरीमागे बेंद्र्यांसारख्यांचे वर्षानुवर्षांचे संशोधन आहे, आणि संशोधनामागे जपलेला कागद. यावली, बेनोडा आणि दहीहंड्याच्या बाबतीत ही साखळी पहिल्याच कडीला थांबली आहे.

अमरावती, अकोला, वरुड, मोर्शी, अकोट इथल्या कितीतरी घरांत १९७२ च्या सुमारास मिळालेले ताम्रपट भिंतीवर आहेत. सन्मान निवृत्तिवेतनासाठी त्या वेळी जोडलेले तुरुंगाचे दाखले, अर्जांच्या प्रती, तुरुंगातून आलेली पत्रे ट्रंकांत आणि माळ्यांवर पडून आहेत, आणि त्यांना वाळवी लागते आहे. ज्यांच्या घरी असे काही असेल त्यांनी ते रद्दीत जाण्याआधी त्याची छायाप्रत करून नागपूरच्या विदर्भ संशोधन मंडळाकडे किंवा संत गाडगेबाबा अमरावती विद्यापीठाकडे पोचवावी. घरात नव्वदीच्या पुढचे कुणी असेल तर त्यांच्याजवळ बसून, ऑगस्ट बेचाळीसला ते कुठे होते हे विचारून, मोबाइलवर ध्वनिमुद्रण करून ठेवावे. हे काम या वर्षीच करायला हवे.